खारी

"खारी मेली," पडद्यावर आई म्हणाली आणि पनवेलचा तो अख्खा हॉल हसला.

पहिल्या रांगेत प्रमुख पाहुणे. तळोज्यातल्या एका केमिकल कारखान्याचे शेठ. मागे वळून ओरडले, "चहात बुडाली काय रे?" पुन्हा हशा. आमच्या बोलीत खाडीला खारी म्हणतात. आईच्या मागे मेलेले मासे पांढरी पोटं वर करून तरंगत होते. ते कुणी बघितलेच नाहीत.

मग नावं आली. लेखन मी, कॅमेरा मी, ध्वनी मी, संकलन मी, दिग्दर्शन मी. शेठ म्हणाले, "झाडूपण हाच मारतो वाटतं!" खरंच, हॉल मीच झाडला होता. स्टेजवर जाऊन झोकात मुजरा केला. संधी कशाला सोडा?

आई शेवटच्या रांगेत. तोंडावर पदर.

खेळ संपल्यावर शेठनी माझ्या खांद्यावर हात टाकला. "थिएटरात लावतो तुझा पिक्चर. फक्त आईचा आवाज बदल. शुद्ध बोलणारी बाई घे. आणि ते मेली-बिली काढून टाक." हात जड होता. "खाडीकाठीच राहतोस ना अजून? अंधार असतो तिकडे."

थिएटरात लावतो. लग्नांचे व्हिडिओ काढता काढता जन्मभर याच दोन शब्दांची वाट बघितली होती. विचार करतो म्हणालो आणि बाहेर आलो.

आई पायरीवर एकटीच पुटपुटत होती.

"खा... डी. आता बराबर बोलले का रं?"

जन्म त्या पाण्यात गेला तिचा. आणि आता त्याचं नाव नव्याने शिकत होती.

मी परत आत गेलो. शेठ चहा पीत होते. बशीत खरोखरच खारी होती.

"नाय," मी म्हणालो.

"काय?"

"नाय. आईचा शब्द ऱ्हाणार."

या वेळी ते हसले नाहीत.

तेव्हापासून घरासमोर एक काळी गाडी दिवे बंद करून उभी असते. काच कधी खाली होत नाही. मी येता-जाता तिला नमस्कार घालतो.

शेठ एक विसरले. ध्वनीही मीच. प्रेक्षकांचा आवाज टिपायची मला खोड आहे. रेकॉर्डर खिशात चालूच होता. आता पिक्चरमध्ये मेलेल्या माशांवर आईचं वाक्य येतं. मागोमाग हॉलचं ते हसू. मग पडदा काळा होतो आणि शेठ बोलतात, "अंधार असतो तिकडे."

रविवारी ओवे गावात दाखवणार. गाडी आली तरी दाखवणार. पडदा मीच बांधीन.

आई पहिल्या रांगेत बसेल.