खुल्या जागेवरची अक्काताई

माझं तोंड फटकळ हाय, हे आधीच सांगून ठेवते. मी बायडाबाई. कुरुंदवाडच्या अलीकडं आमचं गाव. तिथल्या बुधवारच्या बाजारात मी मिरच्या-कोथमीर घिऊन बसते. तीस वर्सं बाजार केला, पण बुधवारी सकाळपासनं पाण्याचा घोट घेतला न्हाय. का, ते बाईमाणसाला सांगायला नको. गडी भिंतीकडं तोंड करून मोकळे. बायकांनी कुठं जायचं?

पाच वर्सांमागं आमच्या वार्डात बाईची राखीव जागा निघाली आणि अक्काताई निवडून आली. जैनाच्या घरातली, चार म्हशींचं दूध डेअरीला घालणारी, बोलायला मऊ. पंचायतीत मेंबर अकरा, त्यातल्या सहा बायका. गड्यांना पाच खुर्च्या आणि बायकांना भिंतीकडंला एक लांब बाकडं. त्या बाकड्यावरनं अक्काताई पाच वर्सं एकच बोलत राहिली, "बाजारात बायकांसाठी शौचालय पायजे." शेवटच्या वर्साला भिंती उभ्या राहिल्या. छप्पर आणि नळ तेवढा राहिला, आणि मुदत संपली.

नव्या आरक्षणाची सोडत झाली. आमच्या वार्डात दोन जागा, एक ओबीसी बाईची, दुसरी खुली. अक्काताई काय ओबीसीत बसत न्हाय. झालं! गावानं ठरवून टाकलं, बाई आता घरी. तिचा दीर गोमटेश तर खुल्या जागेवर उभं राहायला गुडघ्याला बाशिंग बांधूनच बसलावता. "वैनी, लई केलं तुम्ही. आता इसावा घ्या," म्हणला. "त्या भिंतींवर पत्रा टाकून मी दुकानाचा गाळा काढतो."

गाळा! माझं डोस्कंच फिरलं. तशीच उठून अक्काताईच्या घरी गेले. ती डोळं पुसत वैरण टाकत हुती. तिचा ल्योक अनेकांत म्हणला, "आई, आपण अल्पसंख्याक. तो दाखला काढू, राखीव जागा मिळंल की."

दुसऱ्या दिवशी तिघं यष्टीनं तालुक्याच्या कचेरीत. तिथला साहेब कागद बघून हसला. "ह्या दाखल्यावर शिष्यवृत्ती मिळंल. पंचायतीत अल्पसंख्याकांना राखीव जागा नसतात."

"मग बायकांची एक जागा वाढवा," मी म्हणलं.

"मावशी, बायकांना निम्म्या जागा राखीव. त्याच्या वर राखायची सोय कायद्यात न्हाय. जातीचं आरक्षणबी पन्नास टक्क्यांच्या वर गेलं की कोर्ट थांबवतंय. माझ्या हातात काय हाय?"

आम्ही निघालो. दारापातुर गेलो आणि अक्काताई माघारी फिरली. "साहेब, खुली जागा म्हणजे गड्यांची न्हवं?"

"कोण म्हणलं?"

"सगळा गाव म्हणतोय."

"खुली म्हणजे सगळ्यांना खुली. तुम्ही फॉर्म भरला तर कोण अडवणार? मर्यादा राखीव जागांना हाय, बायकांना न्हाय."

आगं बया! इतकी वर्सं आम्ही तिला गड्यांची जागा म्हणत आलो. कुणी लिवून दिलंवतं? यष्टीत मी एकटीच हसत सुटले. कंडक्टर बघाय लागला खुळ्यावानी.

अक्काताईनं फॉर्म भरला आणि गोमटेश तणतणत दारात आला. "वैनी, बायकांच्या जागा बायकांनी घ्याव्यात की! ही माझी जागा हाय."

अक्काताईनं त्याच्यापुढं च्याचा कप ठेवला. "भावजी, तुम्हीबी उभं राहा की. खुलीच हाय."

राहिला बापडा उभा. मग काय, मीबी पदर खोचला. कोथमिरीच्या पेंडीमागं एक मत मागायचं, असा धंदा सुरू केला. कुणाचा नवरा कुरकुरला की सरळ म्हणायचं, "दादा, एक दिवस तांब्याभर ताक पिऊन सांजपातुर ह्या पोत्यावर बस. उठायचं न्हाय. मग बोल." अक्काताई एक्केचाळीस मतांनी आली.

पहिल्या मिटिंगला मी मुद्दाम जाऊन दारात उभी राहिले. राखीव जागांवरच्या सहाजणींनी बाकडं भरलं. अक्काताई सातवी. शिपाई डोकं खाजवत म्हणला, "जरा सरकून घ्या की, ताईस्नी जागा करा." पण अक्काताई बाकड्याकडं गेलीच न्हाय. समोर चार गडी बसलेले, पाचवी खुर्ची मोकळी. ती गेली आणि पदर सावरून त्या खुर्चीवर बसली. खोटं कशाला बोलू, माझ्या डोळ्याला पाणी आलं. लई अभिमान वाटला. पहिलाच ठराव मांडला तिनं, छप्पर आणि नळ.

गेल्या बुधवारी शौचालय सुरू झालं. उद्घाटनाला नारळ गोमटेशनंच फोडला, त्याला पुढं पुढं करायची सवयच हाय. मी काय तिकडं गेले न्हाय, गिऱ्हाईक हुतं. पण भर बारा वाजता, ऐन बाजारात, सगळ्यांच्या देखत मी पाण्याचा तांब्या उचलला आणि घटाघटा रिकामा केला.