काशीला न सोडलेली भाजी

आमच्या घरात लाल माठाची भाजी एकदा बंद करण्यात आली होती. ती बंद झाली नाही. मधे जे घडलं त्यातलं बहुतेक माझ्यासमोर घडलं.

पन्नासच्या दशकाची सुरुवात होती. वडलांनी डोंबिवलीत नुकतंच बैठं घर बांधलं होतं. तीन खोल्या, मागे विहीर, विहिरीजवळ कपडे धुण्याचा दगड. त्याआधी आम्ही कल्याणला भाड्याने राहत होतो. वडील मुंबईत सरकारी नोकरीत होते आणि मी एका वर्तमानपत्राच्या कचेरीत मुद्रितं तपासत होतो. घरात आई होती, आणि चौथं माणूस म्हणजे आत्या, वडलांची थोरली बहीण. तिचं लग्न ठाण्याला झालं होतं. तेराव्या वर्षी नवरा गेला आणि ती माहेरी परत आली. तेव्हापासून केशवपन, नेसायला विधवेचं लाल आलवण, दिवसातून एकदा जेवण, कांदा-लसूण वर्ज्य. तेव्हापासूनच घरचा स्वयंपाकही तिच्याकडे. आई सून म्हणून आली ती तिच्या हाताखाली.

माठ आणणारी बाई जवळच्या गावातून डोक्यावर पाटी घेऊन येई आणि मागच्या दारी हाक मारी, ‘‘आजे, कवला माठ हाय, घे.’’ आत्या जुडी सोडून देठ नखाने मोडून बघे. मोडला तर घेई, वाकला तर परत पाटीत टाकी. घमेल्यात पाणी घेऊन पाला बुडवायचा, वर काढायचा, तळाची माती बघायची आणि पाणी बदलायचं. माती दिसेनाशी झाली की पाला कोवळ्या देठांसकट बारीक चिरायचा. तेलात हिंग, हिरवी मिरची, मग पाला. पाणी नाही, झाकण नाही. पातेलंभर पाला बघता बघता वाटीभर होतो. तो खाली बसल्याशिवाय ती मिठाला हात लावत नसे, कारण मीठ पातेल्याच्या अंदाजाने पडलं की भाजी खारट होते. खाली उतरवल्यावर ओलं खोबरं. एवढंच. आमटी-भाताबरोबर ती पानाच्या उजव्या बाजूला वाढली जाई आणि तिच्या रसाने भाताची कड लाल होई. वडील मागून घेत ती ही एकच भाजी. आत्या आपल्या एका जेवणात ती भाकरीबरोबर खाई आणि खाताना कुणाशी बोलत नसे.

त्या वर्षी तिने काशीला जायचं काढलं. वडलांना रजा नव्हती, ते आधी एकदा जाऊन आले होते. मी सोबत जावं असं ठरलं. निघायच्या आदल्या दिवशी वडलांनी तिला समोर बसवलं.

‘‘अक्का, तिथे एक आवडती वस्तू सोडायची असते. जन्मभरासाठी. तू माठ सोड.’’

‘‘माठच का?’’

‘‘तुला सगळ्यात आवडतो म्हणून.’’

‘‘तू काय सोडलंस?’’

‘‘रामफळ.’’

‘‘ते तू त्याआधी शेवटचं खाल्लंस कधी?’’

आईने तोंडाला पदर लावला. वडील म्हणाले, ‘‘तो प्रश्न नाही. ठरलं ते ठरलं.’’

ते तिचा छळ करत होते असं कुणाला वाटू नये. शास्त्रात जे सांगितलं ते बहिणीच्या हातून नीट घडावं, एवढीच त्यांची इच्छा होती. ती इच्छा तिची आहे का, हे विचारायची त्या घरात पद्धत नव्हती.

आम्ही कल्याणला उत्तरेकडची गाडी धरली. काशीला मराठी उपाध्यायांच्या घरी उतरलो. दुसऱ्या दिवशी घाटावर संकल्प झाला. आत्या गुडघाभर पाण्यात उभी होती आणि मी पायरीवर तिचं कोरडं आलवण घेऊन.

उपाध्यायांनी विचारलं, ‘‘आजी, काय सोडता?’’

‘‘सोडायचं ते आवडतंच सोडायचं ना?’’

‘‘म्हणजे काय! त्यानेच तर वासना सुटते.’’

‘‘मग ऐका. कुंकू सोडलं, बांगड्या सोडल्या, केस सोडले. विडा आवडायचा, तो सोडला. मोगरा आवडायचा. रात्रीचं जेवण सोडलं. हे सगळं तेराव्या वर्षी. तेव्हा मला कुणी विचारलं नव्हतं, काय सोडता म्हणून. आता आवडतं असं एक उरलंय, लाल माठ. तो मी सोडणार नाही.’’

उपाध्याय अनुभवी होते. रोज कितीतरी यात्रेकरू त्यांच्या हाताखालून जात. ते हसून म्हणाले, ‘‘अहो आजी, मग पडवळ सोडा. लोक तेच करतात.’’

‘‘पडवळ मला मुळातच आवडत नाही. ते सोडून गंगेला फसवू?’’

‘‘मग संकल्पात म्हणू काय मी?’’

‘‘म्हणा, हिचं आधीच सोडून झालंय.’’

त्यांनी पुढचा मंत्र सुरू केला. मधे काही म्हटलं की नाही, मला कळलं नाही. आत्याने तीन बुड्या मारल्या आणि हात पुढे करून आलवण मागितलं.  परतीच्या प्रवासात बाहेरचं खायचं नसल्यामुळे ती घरून नेलेल्या लाह्यांवर होती. जबलपूर गेल्यावर म्हणाली, ‘‘घरी गेल्यावर बाई माठ घेऊन आली म्हणजे बरं.’’

काशीहून आल्यावर मावंदं घालायचं असतं. गंगेच्या गडूची पूजा करून नातेवाइकांना आणि शेजाऱ्यांना जेवण द्यायचं. आदल्या संध्याकाळी आईने मला विहिरीकडे बोलावलं. घाटावरचं मी तिला सांगितलं होतं.

‘‘उद्या कुणी विचारलं तर कारलं म्हण,’’ ती म्हणाली.

‘‘तिने कारलं सोडलेलं नाही.’’

‘‘मला ठाऊक आहे रे. पण तुझ्या वडलांनी सगळ्या आळीला माठ सांगून ठेवलाय. काहीच सोडलं नाही म्हटलं तर शोभा होईल, कारल्यावर निभावेल तरी.’’

मावंद्याच्या दिवशी पुढच्या खोलीत पंगत बसली. वाढायला आई आणि शेजारच्या दोघी. आत्या आत चुलीशी होती. पाहुण्यांसमोर ती येत नसे. भात, वरण, बटाट्याची भाजी, कोशिंबीर, पुऱ्या वाढून झाल्या, आणि आई एक पातेलं घेऊन बाहेर आली. तिचा चेहरा उतरलेला होता. तिने प्रत्येकाच्या पानात लाल माठाची भाजी वाढली.

पंगतीत वडलांच्या शेजारी एक निवृत्त शाळामास्तर होते. त्यांनी वडलांना विचारलं, ‘‘मग, अक्कांनी काशीला काय सोडलं?’’

वडलांचं पानाकडे लक्ष नव्हतं. ते म्हणाले, ‘‘माठ. जायच्या आधीच ठरलं होतं.’’

‘‘अस्सं! मग ही पानात सोडलीय ती कोणती?’’

पंगत हसली. वडलांनी पानाकडे पाहिलं, मग स्वयंपाकघराकडे. आत्या उंबऱ्याशी उभी होती. सोवळ्या बाईने भरल्या पंगतीसमोर येऊन उभं राहावं हे त्या घरात तोवर झालं नव्हतं. हसणं थांबलं.

‘‘मी काही सोडलं नाही,’’ ती म्हणाली. ‘‘भाजी माझ्या हातची आहे. आवडली तर मागून घ्या.’’

वडील माझ्याकडे वळले. ‘‘तू होतास ना बरोबर? सांग. काय सोडलं हिने?’’

आई माझ्या मागे उभी होती. मी घाटावर जे ऐकलं होतं ते सांगितलं, पडवळासकट. कमी केलं नाही, जास्त केलं नाही. मास्तरांनी खाली मान घातली आणि भाजी खाल्ली. नंतर मागूनही घेतली. वडील पानावरून उठले नाहीत, पाहुण्यांचा तो अपमान झाला असता. त्यांनी भाजीला हात न लावता जेवण पुरं केलं.

पाहुणे गेल्यावर ते स्वयंपाकघराच्या दाराशी आले. ‘‘आजपासून या घरात माठ शिजायचा नाही.’’

‘‘बरं,’’ आत्या म्हणाली. ‘‘मग माझ्या हातचं काहीच शिजायचं नाही.’’

‘‘अक्का, इतकी वर्षं तुला सांभाळलं मी.’’

‘‘सांभाळलंस. आणि इतकी वर्षं मी तुला रांधून घातलं. फिट्टंफाट.’’

दुसऱ्या दिवशी तिने विहिरीजवळ तीन दगड मांडले. तिथे तिचा भात शिजे आणि माठ शिजे. पाटीवाली बाई पूर्वीसारखीच मागच्या दारी येई. चुलीच्या जागेवरून वास थेट माजघरात येई, आणि ही जागा आत्याने विचार न करता निवडली असेल असं मला वाटत नाही. आतला सगळा स्वयंपाक आईवर आला. सकाळी डबे, पाणी भरणं, संध्याकाळची पोळी. एकदा ती दोघांनाही ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, ‘‘भांडण तुमचं आणि हात माझे भाजतात.’’ तरी नारळ खवला की त्यातलं मूठभर खोबरं वाटीत घालून ती विहिरीच्या कठड्यावर ठेवून येई. वडलांना ते दिसत असे.

ओळखीतले लोक येऊन आत्याला समजावत. एवढ्याशा भाजीसाठी एवढं? ती विचारी, ‘‘एवढीशीच आहे ना? मग मी खाल्ली तर त्याचं काय जातं?’’ 

मग आई बाजूला बसली. म्हणजे महिन्याचे ते दिवस, जेव्हा बाईने चुलीला शिवायचं नसे. तोवर दर महिन्याला हे दिवस आत्याच निभावत आली होती, आणि माठावर बंदी घालताना वडलांच्या हे ध्यानात आलं नव्हतं. पहिल्या दिवशी ते स्वतः चुलीपुढे बसले. पिठल्यात गाठी झाल्या, भात खाली लागला. पडवीत कोपऱ्यात बसलेली आई लांबून सूचना देत होती. ‘‘अहो, आधी पीठ पाण्यात कालवायचं!’’ ‘‘मग आधी सांगायचं!’’ मी ते पिठलं खाल्लं. त्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी वडील कामावर जायचे कपडे करून मागच्या दारी गेले. आत्या पाला धूत होती.

‘‘अक्का, निदान भात टाक आत.’’

‘‘टाकते. आमटीही करते. पण त्याच चुलीवर हा माठही शिजेल. रोज नाही, बाई आणेल तेव्हा.’’

 तिने घमेल्यातलं पाणी झाडाच्या आळ्यात ओतलं, नवं पाणी घेतलं, पाला पुन्हा बुडवला. वडील तिथेच उभे होते. तिने तळाची माती बघितली, पाला पिळून परडीत घातला आणि परडी घेऊन त्यांच्या बाजूने आत गेली. त्यांनी वाट दिली.

बंदी उठवल्याचं वडलांनी कधी सांगितलं नाही. पण त्यांनी माठ पुन्हा खाल्लाही नाही. बाकी सगळं ते तिच्या हातचं जेवत. माठाच्या दिवशी आई पातेलं घेऊन त्यांच्या पानापाशी येई आणि आतून आत्याचा आवाज येई, ‘‘विचार गं त्याला, वाढू का.’’ वडील पानाच्या उजव्या बाजूवर तळहात ठेवत. आई पुढे सरके. हे त्यांच्या शेवटच्या आजारापर्यंत चाललं. आमच्या घरात काशीपायी माठ सोडला तो एकट्या वडलांनी, आणि तो त्यांचा आवडता होता.

सगळ्यांची जेवणं झाल्यावर आत्या आपलं पान मांडी. पातेल्यात उरलेली भाजी, वडलांच्या वाट्याचीसुद्धा, ती निपटून घेई, आणि भाकरी मोडून कुणाशीही न बोलता खाई.