बेचाळीस सह्या आणि एक नकार

२ डिसेंबर १९९१, सोमवार, सकाळचे दहा वाजून पाच मिनिटे. या क्षणापर्यंत माझा ठाम निष्कर्ष होता, की टेमघरच्या सिस्टरना ‘नाही’ म्हणू शकेल असा मनुष्यप्राणी भिवंडीत अजून जन्मलेला नाही. निष्कर्षाला आधार होता: जन्मलेल्यांपैकी पुष्कळांना त्यांनीच जगात आणले होते. प्रसूतिगृहातून निवृत्त झाल्यावर त्यांनी आमच्या शाळेतील आठवीच्या मुलींना पाळी, शरीरातले बदल आणि नकोसा स्पर्श यांविषयी शिकवायचे ठरवले. मी नुकतीच बी.एस्सी. होऊन तिथे विज्ञान शिकवू लागले होते. मदतनीस म्हणून माझी नेमणूकही त्यांनीच केली, मला न विचारता.

संकोच नावाचा अवयव त्यांच्या देहात नव्हताच. भर बाजारात फळवालीसमोर पेरू उचलून त्या मला म्हणाल्या, “ह्यो उलटा धर. झालं गर्भाशय. देठाकडं त्याचं तोंड.” फळवाली तो पेरू परत घेईना. शिक्षकखोलीत त्यांनी माझ्याकडून ‘पाळी’ हा शब्द वीस वेळा खणखणीत वदवून घेतला. गणिताचे सर चहा टाकून निघून गेले. “जाऊ दे. त्यांच्या आईला येत व्हतीच की,” सिस्टर म्हणाल्या.

मुख्याध्यापकांची अट कडक होती. बेचाळीसही पालकांच्या सह्या आणि पहिल्या तासाला पूर्ण उपस्थिती हवी. एक मुलगी जरी गळाली, तरी वर्ग कायमचा बंद. सह्यांसाठी आम्ही थेट यंत्रमागांच्या कारखान्यांत, लूमच्या खडखडाटात शिरलो. एक बाप अडून बसला. “सिस्टर, बच्चियों को ये सब काहे को?”

“तेरा धागा टूटा तो लूम रुकता है ना?”

“रुकता है.”

“क्यूँ टूटा, ये पूछने तक चलाता है?”

“नहीं, कपडा खराब होगा.”

“बस. लडकी ने ना बोला तो रुकने का. इतनाच सिखाती मैं.”

त्याने सही केली. ती बेचाळिसावी.

आणि त्या सोमवारी, हजेरी चालू असताना, त्याचीच मुलगी मागच्या बाकावरून उठली. “मला नाय बसायचं आज.”

“बरं. वाचनालयात बस जा,” सिस्टर म्हणाल्या. कारण विचारले नाही.

मी त्यांना व्हरांड्यात ओढले. “सिस्टर, तिच्या वडिलांची सही आहे! चाळीस मिनिटे नुसती बसू दे, नाहीतर सगळे बुडेल.”

“बाय, सही बापाची हाय, पोरीची न्हाय. ‘नको’ म्हनायला शिकवाया आलोय ना आपण? मंग जी पयलीच ‘नको’ म्हनली, तिलाच धरून बसवू?”

संमतीची व्याख्या मी तेव्हा फळ्यावर सुवाच्य अक्षरात लिहून ठेवली होती.

हजेरीपत्रकात मी एकेचाळीस लिहिले. मुख्याध्यापकांनी ते मधल्या सुटीत वाचले आणि वर्ग बंद झाला. सिस्टरनी वाद घातला नाही. पिशवी उचलून त्या वर्गाच्या दारात थांबल्या. “रविवारी माझ्या ओटीवर. जिला वाटंल तिनं यावं.”

आता मी पुण्याच्या एका प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शकाखाली पेशी मोजते. सिस्टर मागच्या उन्हाळ्यात गेल्या. मी या विषयावरची अनेक पुस्तके वाचली. त्या व्हरांड्यात मिळालेली व्याख्या एकाही पुस्तकात तितक्या अचूकपणे सापडली नाही.

त्या रविवारी मी नऊपासूनच ओटीवर वही उघडून बसले होते. दहाच्या सुमारास पहिली आली ती मागच्या बाकावरचीच. “आज बसायचंय,” ती म्हणाली. सिस्टर थोड्या सरकल्या आणि तिला चटईवर जागा करून दिली. मग आम्ही बराच वेळ वाट पाहिली.

उपस्थिती: सात.