मोसेकीची रानातली गुरं
बोत्स्वानातल्या आमच्या गावात कुणाला "तुझी गुरं किती?" असं विचारत नाहीत. दुसऱ्याच्या खिशात हात घालण्यासारखं असतं ते. या एका रिवाजाच्या जिवावर माझा शेजारी मोसेकी जन्मभर मिशीला पीळ देत जगला. गावसभेत पुढची खुर्ची याची. गुरांचा विषय निघाला, की रानाकडे हात करून गालात हसायचा. बाकीच्यांनी ओळखावं, की तिकडे याचे कळपच्या कळप चरतायत.

दरवर्षी काळपुळीची लस टोचायला सरकारी माणसं यायची. तेव्हा हा शहाणा थोडी गुरं पुढे करायचा आणि बाकीची गाओने नावाच्या गुराख्याबरोबर रानात लपवायचा.

"अरे, फुकट टोचतात. सगळी आण की," मी म्हणायचे.

"तुझं बरंय, मा-बोनोलो. तुझ्या चार शेपट्यांना कोण नजर लावतंय? माझी सगळी बघितली, तर लोक जळून मरतील."

यंदा त्या लपवलेल्यांतला एक बैल अचानक मेला. नाकातून काळं रक्त आलेलं.

"मालक, असलं जनावर फाडू नये म्हणतात. जाळू या," गाओने म्हणाला.

"मांस जाळतोस? बाईमाणूस आहेस का? सोल गपचूप."

सोलताना हातात घालायला मोजे नव्हते. मोसेकीने डोक्याची टोपी तीनदा बदलली असेल, पण गुराख्याला मोज्यांचा जोड कधी घेतला नाही. थोड्याच दिवसांत गाओनेच्या मनगटावर पुळी उठली. दुखत नव्हती, पण मधोमध कोळशासारखी काळी. मग ताप चढला. मीच त्याला दवाखान्यात नेला. मागून टोपी सावरत मोसेकी आला.

सिस्टरने पुळी बघितली, मेलेल्या बैलाचं ऐकलं आणि तिचा चेहराच उतरला. "रानात अजून किती गुरं आहेत? त्यांच्याजवळ कोण आहे? लस आणि औषध घेऊन आत्ताच माणूस पाठवते."

मोसेकीने खिडकीतून रानाकडे हात केला. तेच हसू! "पुष्कळ आहेत."

"पुष्कळ म्हणजे किती? आणि कुठे?"

"सिस्टर, असं चारचौघांत विचारतात होय?"

माझं डोकंच फिरलं. त्या गुरांपाशी गाओनेची बायको पोर घेऊन राहत होती. तिने ते मांस शिजवलंही होतं. हे मोसेकीला पक्कं ठाऊक होतं.

गाओने खाटेवर उठून बसला. "सात होती, सिस्टर. एक मेला. सहा राहिली. खारट तळ्यामागे आहेत, आणि माझी बायको तिथंच आहे. लवकर माणूस पाठवा."

दवाखान्याच्या रांगेतली माणसं माना वळवून मोसेकीकडे बघायला लागली. मग मागून कुणीतरी फिदीफिदी हसलं. सात! एवढ्यासाठी याने वर्षानुवर्षं रानाकडे हात केला होता.

औषधाची पेटी घेऊन गाडी सुटली. मोसेकी खाटेवर वाकला. मला वाटलं, आता तरी तापाची चौकशी करेल.

"सात कशाला सांगितलंस, गाढवा?" तो पुटपुटला. "साठ म्हणायला काय झालं होतं?"