वाचून दाखवणाऱ्या काशीदबाई

काशीदबाई वाचून दाखवायच्या तेव्हा त्यांचं लक्ष पुस्तकात कमी आणि ऐकणाऱ्या बायकांच्या हातांवर जास्त असायचं. सांगलीतल्या एका हळदीच्या वखारीत, पोत्यांच्या थप्पीला पाठ लावून त्या उंच स्टुलावर बसत. समोर पंधरा-वीस बायका गड्डे एकीकडे आणि हळकुंडं एकीकडे निवडत असायच्या. एखाद्या वाक्याला सगळ्यांचे हात थबकले की बाई तिथंच थांबत, चष्मा पुसत आणि मगच पुढं जात. "हात थांबलं की समजायचं, गोष्ट पोचली," असं त्या मला सांगायच्या.

त्या आमच्या कॉलेजात इतिहास शिकवत. मी मराठी शिकवायची, त्यांच्याहून बरीच लहान. रहिमतपूरच्या एका सुभेदाराची ही मुलगी वर्गात प्रमाण भाषेत बोलायची आणि वर्गाबाहेर पाऊल टाकलं की गावच्या बोलीत. त्यांच्या अभ्यासाचा विषय क्युबा होता. "आमच्या शिवारात बी ऊस, त्येंच्यात बी ऊस. म्हटलं बघावं, साखरंनं त्या माणसांचं काय केलं," एवढंच कारण त्या देत. पण तिथं सहा महिने राहून आल्या आणि बोलू लागल्या त्या तंबाखूबद्दल.

हवानाच्या चिरूट कारखान्यांत कामगार ओळीनं बसून पानं वळतात आणि उंच जागी बसलेला एक जण त्यांना मोठ्यानं वाचून दाखवतो. आधी वर्तमानपत्र, मग कादंबरी. ही रीत गुलामगिरीच्या काळापासूनची. पुस्तक कोणतं, हे कामगारच ठरवतात. एखादा भाग मनात उतरला की पानं कापायच्या पात्यांनी टेबलं वाजवतात. ऐकून ऐकून माणसं प्रश्न विचारू लागली, तेव्हा मालक आणि सरकार दोघंही बिथरले आणि वाचनावर बंदी आली. तरी ती रीत मेली नाही. बाई तिथं गेल्या तेव्हा त्या उंच जागेवर त्यांच्याच वयाची एक बाई वाचत होती. काशीदबाई दुपारभर तिच्यासमोर बसून राहिल्या.

"लोक इचारत्यात, क्युबातली कला बघितली का," त्या म्हणायच्या. "बघितली की. चित्रं बघितली, नाच बघितला. गुलामांचं ढोल बंद केलं तर त्येंनी मासळीची खोकी बडवून ताल धरला, त्यो ताल बी ऐकला. पण कला समजायची तर आदी इचारावं लागतंय, ह्या माणसांचं हात दिवसभर कशात गुतल्यालं हुतं?"

निवृत्त झाल्यावर लोक घर बांधतात, देवदर्शनाला जातात. काशीदबाई हळदीच्या वखारीत गेल्या. मालकांची मुलगी त्यांची विद्यार्थिनी होती, त्यामुळे परवानगी मिळाली. बायका मात्र संशयानं बघत होत्या. त्यांच्यात हौसाबाई म्हणून एक होती, म्हसवडकडची धनगर. मेंढरं विकून कुटुंब सांगलीला आलेलं. ती स्पष्टच म्हणाली, "आवं बाई, आमाला कुठं लिवाय-वाचाय येतंय?"

"मला तरी कुठं हळद निवडाय येतीया?" बाई म्हणाल्या. "हात गुतल्यालं हाईत तुमचं. कान रिकामंच हाईत की."

पुस्तक हात वर करून ठरलं. पिवळे हात वर झाले ते एका कादंबरीसाठी. त्यात कुंभाराची एक विधवा सून भांड्यांचं गाढव घेऊन एकटीच मुलूख फिरते. बाई सावकाश वाचत. पहिल्या आठवड्यात बायका ऐकत होत्या, दुसऱ्यात भांडू लागल्या. सुनेनं दिराचं ऐकायला हवं होतं की नको, यावर जेवणाच्या सुट्टीत दोन तट पडत.

वर्तमानपत्रही असायचंच. एकदा त्यात धुळीनं होणाऱ्या छातीच्या विकारांवर काही आलं होतं. ते ऐकून बायकांनी वखारीची मागची खिडकी उघडायला सांगितली. ती कधीकाळी विटा लावून बुजवलेली होती. मालक बाईंशी आदरानंच बोलले, "मॅडम, देवाधर्माचं वाचा की. हे असलं कशाला?"

"काय वाचायचं ते ह्या बाया ठरवत्यात. मी निस्ती वाचणारी."

दुसऱ्या दिवशी फाटकावरच्या माणसानं त्यांना आत सोडलं नाही. तिथून त्या माझ्याकडं आल्या. मी केलेला चहा त्यांच्यापुढं निवून गेला. मग म्हणाल्या, "बंदी आली हुती, आसं मी वर्गात एका वाक्यात सांगायची. एका वाक्याचं न्हाई गं ते."

मग बायकाच त्यांच्या घरी येऊ लागल्या, रविवारी. सगळ्या नाही, सात-आठ जणी. कादंबरी पुन्हा सुरू झाली. पण पावसाळ्यात बाईंचा आवाज बसला तो सुटेना. मिरजेच्या डॉक्टरांनी घशात गाठ असल्याचं सांगितलं. शस्त्रक्रियेत स्वरयंत्र काढावं लागेल, म्हणाले. मी रडले. बाईंनी मात्र घोगऱ्या आवाजात मलाच विचारलं, "पुस्तक कितवर आलंय, ध्यानात हाय न्हवं तुज्या?" मी त्यांच्या तोंडून ऐकलेलं ते शेवटचं.

शस्त्रक्रियेनंतर त्या घरी आल्या. गळ्याला पट्टी, आणि घर नि:शब्द. रविवारी बायका आल्या तेव्हा बाईंनी बोटानं पुस्तक दाखवलं आणि मग मला. मी वाचू लागले. त्या डोळे मिटून पडून असत. मी घाई केली की हात उचलून थोपवत. इतके दिवस दुसऱ्यांना वाचून दाखवणारी ती बाई आता ऐकत होती, आणि तिचा चेहरा बघून माझीच ओळ पुन:पुन्हा चुकत होती. सून एका परक्या गावच्या नदीकाठी पहिलं चाक फिरवते, तो भाग आला तेव्हा हौसाबाई पदरात तोंड घालून रडली. बाईंनी अंथरुणातून हात लांब करून तिच्या पाठीवर ठेवला. बराच वेळ ठेवला.

थंडी सुरू झाली आणि बाई गेल्या. कादंबरीची शेवटची तीन प्रकरणं राहिली.

त्यांच्यामागं जवळचं असं कुणी नव्हतं. पुढच्या रविवारी मी घर आवरायला गेले, तर बायका पायरीवर बसलेल्या. मी कुलूप काढलं. सगळ्या आत येऊन जागच्या जागी बसल्या. मी पुस्तक उघडलं.

हौसाबाई म्हणाली, "आज ते नगं. आज बाईंचं सांगा."

"काय सांगू?"

"त्या कुनाच्या, ल्हानपनी कशा हुत्या, लगीन का न्हाई क्येलं. दुनियाभरचं वाचलं आमच्याम्होरं. सोताचं कवाच काय सांगितलं न्हाई."

मला हवाना ठाऊक होती, चिरूट कारखाने ठाऊक होते. बाई मला फारच थोड्या ठाऊक होत्या. तेवढ्यात दाराजवळची एक जण म्हणाली, त्यांना भाकरीवर लोणी लय आवडायचं. दुसरी म्हणाली, त्यांचा एक भाऊ ल्हानपनी गेला हुता, एकदाच बोलल्या. मला हे दोन्ही माहीत नव्हतं.

मी पुस्तक मिटलं आणि रहिमतपूरपासून सुरुवात केली. दोन वाक्यांतच मी कॉलेजपर्यंत येऊन पोचले.

"सावकास सांगा," हौसाबाई म्हणाली. "आमी बसलोय."