यमक नसलेले शब्द

आमच्या टीममधला लंडनचा सहकारी जिन्याला जिना म्हणत नसे. लिफ्ट बंद असली की म्हणायचा, "चल, ॲपल्स अँड पेअर्सने जाऊ." पेअर्सचं यमक स्टेअर्सशी जुळतं, म्हणून फळं म्हणजे जिना. डोकं म्हणजे 'लोफ', कारण लोफ ऑफ ब्रेड आणि हेड. त्यातही जो शब्द यमक जुळवतो तोच बहुतेक वेळा गाळायचा, म्हणजे बाहेरच्याला पत्ता लागत नाही. त्याचे वडील पूर्व लंडनच्या बाजारात मासे विकायचे आणि ही बोली त्याला घरातच मिळाली होती. "गिऱ्हाईक समोर असताना त्याच्याचबद्दल बोलायची सोय," असं तो सांगायचा.

जर्मनीतल्या इंगोलश्टाटला आम्ही गाड्यांच्या ब्रेकचं सॉफ्टवेअर तपासायचो. मी पुण्याची, तो लंडनचा, बाकी सगळे जर्मन. त्यांना त्याचं अर्धं बोलणं कळायचं नाही, पण ते मनापासून हसायचे. मी मात्र दर वेळी यमक विचारायचे. लहानपणी आम्ही बहिणी आईसमोर च च्या भाषेत बोलायचो, त्यामुळे लपवलेला शब्द शोधायची खोड मला जुनीच. मी त्याला 'चूकभ चागलील' शिकवलं होतं, म्हणजे भूक लागली. जेवायची वेळ झाली की तो माझ्या टेबलापाशी येऊन ते ठणकावून म्हणायचा.

नोव्हेंबरात डॅन्यूब नदीवरचं धुकं गावात शिरलं की दिवसेंदिवस हटत नाही. अशाच एका दिवशी मीटिंगच्या मध्येच तो म्हणाला, "तो स्पून जरा लावून घ्या, गार वारा येतोय." सगळे हसले. कुणीतरी उठून खिडकी लावली. मी मनात यमक जुळवत बसले. स्पून, मून, नून... खिडकीशी काही जमेना.

बाहेर आल्यावर मी विचारलं, "स्पूनचं यमक काय रे?"

"कुठला स्पून?" तो म्हणाला. मग त्याने डोळा मारला. पण डोळा मारायला त्याला जरा उशीर झाला, आणि तेवढंच मला खटकलं.

त्यानंतर दार उघडायच्या कार्डाला तो कँडल म्हणाला. केबलला शिडी म्हणाला. "गेनाऊ, अगदी बरोबर, शिडी!" टीम लीडर टाळी वाजवायचा. घरी मी नवऱ्याला म्हटलं, "अरे, हल्ली त्याच्या बोलण्यात यमकच नसतं."

"तुला सापडत नसेल," तो म्हणाला. मलाही तसंच वाटायला हवं होतं.

एका संध्याकाळी धुक्यामुळे बस आली नाही, तेव्हा तो मला त्याच्या गाडीने स्टेशनवर सोडायला निघाला. इथे स्टिअरिंग डावीकडे, म्हणून मी त्याच्या उजवीकडे बसले होते. गावाबाहेरच्या रस्त्यावर कडेचे पांढरे खांब एकेक करून धुक्यातून वर यायचे आणि दर वेळी खिडकीच्या आणखी जवळून जायचे. मग खट्कन आवाज झाला.

"काहीतरी लागलं," मी म्हटलं.

"कुठे?"

माझ्या बाजूचा आरसा दुमडून काचेला टेकला होता. त्याने तिकडे पाहिलंसुद्धा नाही. पुढचा खांब सरळ आमच्या दिव्यांसमोर आला.

"गाडी थांबव. आत्ता थांबव!"

त्याने बसस्टॉपच्या जागेत गाडी घेतली. वायपर चालूच होते. मी माझा फोन त्याच्यासमोर धरला. फोनला तो कायम डॉग अँड बोन म्हणायचा, झोपेतून उठवलं तरी म्हणाला असता.

"हे काय आहे?"

तो फोनकडे बघत राहिला. ओठ हलले. "डॉग अँड..." तो थांबला. "डॉग अँड गार्डन."

ते त्याचं त्यालाच ऐकू आलं. त्याने दोन्ही हातांनी स्टिअरिंग घट्ट धरलं.

"उन्हाळ्यापासून होतंय," तो म्हणाला. "शब्द जिभेपर्यंत येतो आणि बाहेर दुसराच पडतो. तुम्ही सगळे हसायचात, तेव्हा बरं वाटायचं. घरी सांगू नकोस."

"सांगणार," मी म्हटलं. "इकडे येऊन बस. मी चालवते."

स्टेशनकडे न वळता मी गाडी सरळ हॉस्पिटलच्या नोटाउफनामेत, इमर्जन्सी विभागात नेली. तरुण डॉक्टरने त्याला पेन दाखवलं, ते त्याला बरोबर सांगता आलं. घड्याळ दाखवलं, तर तो म्हणाला, "बकेट."

डॉक्टर गोंधळला. "मी लंडनचा आहे, आम्ही असंच बोलतो," असं म्हणून तो इतकं छान हसला, की डॉक्टरही हसला. "आल्झो, म्हणजे बोलीभाषा तर," म्हणत त्याने कॉम्प्युटरकडे हात नेला.

"नाही," मी जर्मनमध्ये म्हटलं. "त्या बोलीत प्रत्येक शब्दामागे यमक असतं. याच्या शब्दामागे काहीच नाही."

डॉक्टरचं हसू गेलं. माझा सहकारी माझ्याकडे बघत होता. त्या नजरेत राग नव्हता, पण मी त्याच्या लपायच्या जागेचं दार उघडलंय, असं मला वाटलं.

मी फोन केल्यावर त्याची जर्मन बायको धावत आली आणि माझ्या शेजारी बसली. "घरी तो मिठाला ट्रेन म्हणायचा," ती हळू आवाजात म्हणाली. "मला वाटलं, लग्नाला इतकी वर्षं झाली तरी नवनवे शब्द काढतोय माझ्यासाठी."

मेंदूच्या डाव्या बाजूला, बोलणं जिथे तयार होतं तिथेच, गाठ होती. म्युनिकला ऑपरेशन झालं. सगळी काढता आली नाही.

आता तो घरीच असतो. गाडी चालवायची बंदी आहे. हळू बोलतो, पण बहुतेक शब्द जागेवर पडतात. मागच्या रविवारी त्यांनी मला जेवायला बोलावलं. जेवताना तो अचानक म्हणाला, "ती आर्मी जरा इकडे दे."

त्याच्या बायकोचा काटा हवेतच थांबला. माझाही. आर्मी. आर्मी अँड नेव्ही. नेव्ही, ग्रेव्ही. मी ग्रेव्हीचं भांडं उचलून त्याच्यासमोर ठेवलं.

त्याने ते घेतलं नाही. आधी तिच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"माझं बोलणं असं ऐकू नका," तो म्हणाला.

"नाही, नाही," आम्ही दोघी एकदम म्हणालो. पुढचा स्कॅन ईस्टरनंतर आहे. ती पाणी आणते म्हणून किचनमध्ये गेली, आणि बराच वेळ आतून नुसता वाहत्या नळाचा आवाज येत राहिला.