नहरीला लावलेला कान
ओल्या दगडावरच्या शेवाळाचा वास आला, की मला शाळेमागचा नहरीचा, म्हणजे जमिनीखालून शहराला पाणी आणणाऱ्या जुन्या कालव्याचा, दगडी मनोरा आठवतो. पोलीस ॲक्शनला वर्षही झालं नव्हतं आणि औरंगाबादेत जो तो दुसऱ्याकडं संशयानं बघत होता. मी शाळेत नवा मास्तर होतो. इतिहास शिकवणारे म्हातारे उस्ताद मात्र निजामाच्या अमलापासूनचे. रोज मधल्या सुट्टीत ते एकटेच मनोऱ्यापाशी जायचे, आजूबाजूला बघायचे आणि दगडाला चिकटून बराच वेळ उभे राहायचे. फटीत चिठ्ठ्या ठेवत असणार, रझाकारांपैकी कुणाशी तरी अजून संधान असणार, असं माझ्या मनानं घेतलं. एके दिवशी न राहवून मी त्यांच्या मागं गेलो. ते म्हणाले, "आओ मास्तर, कान लावा." आत पाणी खळखळत होतं. "लोक खुळा म्हणतील म्हणून चोरून ऐकतो. ही नहर बांधणारा हबशी वजीर लहानपणी गुलाम म्हणून विकला गेला होता. त्याची सल्तनत बुडून तीनशे वर्षं झाली, पाणी चालूच हाय. हुकूम करणारे लई झाले, मास्तर. रयतेच्या घागरीचा विचार करणारा हा." मी दगडावरून कान काढला. त्यांच्याविरुद्ध तक्रारीचा अर्ज मी सकाळीच पोलीस ठाण्यात देऊन आलो होतो. दुसऱ्या दिवशी त्यांना नेलं, ते परत आले नाहीत. त्यांचा इतिहासाचा तास मला मिळाला. तीस वर्षं मी थोर राज्यकर्ते शिकवले. त्या वजिराचं पान आलं, की मुलांना म्हणायचो, हे घरी वाचा.